तीन वार, आणि पुढे काही नाही

“ते काढून टाका, वन्सं. अर्ज माझा, आणि त्यातला एक शब्द मलाच कळेना, हे काही बरं दिसत नाही.”

“कोणता शब्द?”

“तोच. ‘आय’ला चिकटून बसलाय तो. हिअरबाय.”

“तो काढता येत नाही.”

“का?”

“का म्हणजे? तो असतोच.”

“असतोच म्हणजे? भिंतीवर पाल असते तसा?”

नणंदेने टाइपरायटरवरचे हात उचलले आणि चष्मा नाकावर वर ढकलला. वकिलाच्या ऑफिसात तिचं सगळं तारुण्य टाइप करण्यात गेलं होतं. ऑफिसने जुनी यंत्रं मोडीत काढली तेव्हा हे एक तिने घरी आणून खिडकीखाली ठेवलं होतं. आय हिअरबाय डिक्लेअर, आय हिअरबाय सेल, आय हिअरबाय अपॉइंट. हा शब्द तिच्या बोटांखालून इतक्या वेळा गेला होता की झोपेत हात उशीवर पडला तरी तोच उमटला असता. पण अर्थ? तिने छताकडे पाहिलं. छतावर काही लिहिलेलं नव्हतं.

“उद्या साहेबांना विचारून सांगते,” ती म्हणाली.

“म्हणजे तुम्हालाही माहीत नाही.”

“मला पगार टाइप करायचा मिळतो, वहिनी. समजून घ्यायचा वेगळा लागेल.”

ही वहिनी नुसती नणंदेची नव्हे, अख्ख्या फुलबाजाराची वहिनी. तिचा नवरा त्या बाजारात पुकारा करायचा, म्हणून ती सगळ्यांची वहिनी झाली, आणि तेच नाव तिला चिकटलं. खरं नाव रेशनच्या कार्डावर तेवढं उरलं होतं.

फुलबाजार म्हणजे पत्र्याची लांबच लांब शेड. खाली कायम ओली फरशी, तिच्यावर पोती अंथरलेली, पोत्यांवर फुलांचे ढीग. मधोमध एक लोखंडी पिंप पालथं घातलेलं. पुकारा करणारा पिंपाशी उभा राहायचा, व्यापारी बोटं वर करून बोली चढवायचे, आणि बोली थांबली की तो म्हणायचा, एक वार, दोन वार, तीन वार. मग दांडका पिंपावर. की ढीग विकला. चिठ्ठी नाही, सही नाही, साक्षीदार नाही. प्रत्येक व्यापाऱ्याची आपल्या रंगाची चिंधी असायची. दांडका वाजला की हमाल ती चिंधी ढिगाला बांधायचा, आणि चिंधी बसली की तो ढीग त्या व्यापाऱ्याचा. मग त्या ढिगावर गाढव लोळलं तरी ते त्याच्या मालावर लोळलं. बांधलेली चिंधी मालकाने माल घरी नेऊनच सोडायची, बाजारात नाही. ही रीत कोणी घातली ते कोणाला ठाऊक नव्हतं, पण मोडली मात्र कोणीच नव्हती.

नवऱ्याचं नाव भोंगा. त्याने तीन वार म्हटलं की शेडच्या दुसऱ्या टोकाला बादली धरलेली बाई दचकून अर्धी बादली पायावर ओतून घ्यायची. त्या भोंग्याच्या घशाचं ऑपरेशन झालं. जीव वाचला, आवाज गेला. आता बोलायला गेला की सायकलच्या ट्यूबमधून हवा निघाल्यासारखं व्हायचं.

वहिनी त्याच शेडमध्ये फुलं निवडायला होती. लहानपणी गावाकडे बापाच्या मळ्यात फुलं खुडली, लग्न झाल्यावर इथे येऊन निवडली. देठ चिमटीत धरून ती सांगायची, हे आजचं, हे कालचं, आणि हे कालचं असून पाणी मारून आजचं झालेलं. नवरा दवाखान्यातून घरी आला त्याच आठवड्यात ती मुकादमापुढे जाऊन उभी राहिली.

“आवाज त्यांचा गेलाय,” ती म्हणाली. “माझा आहे.”

मुकादम माणूस वाईट नव्हता. फक्त त्याला कोणाशी वाकडं नको असायचं, त्यामुळे तो सगळ्यांपुढे थोडा थोडा वाकलेला असायचा. त्याने मान खाजवली. “उभ्या राहा,” तो म्हणाला. “बघू. पण सौदा मोडता कामा नये. सौदा मोडला तर माझं काही चालणार नाही.”

सौदा मोडण्याची वाट बघत एक माणूस उभाच होता. त्याला सगळे बगळा म्हणायचे. टोपीपासून चपलेपर्यंत पांढरा, आणि ओल्या फरशीवर पाय उचलून उचलून चालायचा. बाजारातला सगळ्यात मोठा खरेदीदार. त्याचा एक भाचा रिकामा होता, आणि रिकाम्या भाच्याला पिंपाशी उभा केला की बोली कुठे थांबायची हे घरच्या घरी ठरलं असतं.

वहिनी उभी राहिली. आवाज चांगला लागला. भाव चढवणं तिला जमायचं, कारण माल तिला कळत होता. पण एक खोड होती. तीन वार म्हणून झालं की तिच्या तोंडून आपोआप यायचं, “दिला, बरं का?”

जन्मभर ती असंच बोलत आली होती. वाढू ना? दिवा मालवते, बरं का? जाऊन येते, बरं का? घरातल्या बाईच्या बोलण्याला ही शेपटी असतेच. पिंपाशी उभी राहिली तरी शेपटी गेली नाही. आणि एका सकाळी, गुलाबाचा भला मोठा ढीग बगळ्याच्या बोलीवर थांबला असताना, तिने तीन वार म्हटलं, दांडका हाणला आणि बगळ्याकडे बघून म्हणाली, “दिला, बरं का?”

“बरं नाही,” बगळा म्हणाला.

शेड हसली. हमाल, ज्याला सगळे मामा म्हणायचे, तो पांढरी चिंधी हातात घेऊन तसाच उभा. बांधावी की नाही त्याला कळेना. बाईने तर विचारलं होतं, आणि माणसाने नाही म्हटलं होतं. विचारल्यावर नाही म्हणायची सोय असतेच. गुलाब पुन्हा पुकारले गेले, कमी भावाला गेले, आणि तोवर वरच्या पाकळ्या काळवंडल्या होत्या. गुलाबाचा शेतकरी काही बोलला नाही. रिकामी पोती झटकून, घडी करून निघून गेला. तो चार शब्द बोलला असता तर वहिनीला जेवण गेलं असतं.

मुकादम म्हणाला, “हा एक झाला. दुसरा झाला तर पिंपाशी भाचा. तुम्ही एक रीतसर अर्ज देऊन ठेवा, वहिनी. निदान मला वर दाखवायला काहीतरी राहील.”

म्हणून तो अर्ज, आणि अर्जात तो हिअरबाय.

दुसरीकडे भोंगा तिला शिकवत होता. त्याच्या मते सगळी गोम आवाजात होती. तो पोटावर हात ठेवून खूण करायचा, इथून काढ. ती घरामागच्या टाकीजवळ उभी राहून पोटातून काढायची. शेजारीण एकदा धावत आली, कोणाला साप चावला विचारत. चार दिवसांत वहिनीचा घसा बसला आणि घरात दोघंही निम्मंअधिक खाणाखुणांनी बोलू लागले.

साहेबांना विचारायचं ठरलं त्याच्या दुसऱ्या दिवशी संध्याकाळी नणंद ऑफिसातून आली ती चप्पल काढायच्या आधीच बोलायला लागली.

“साहेब आधी हसले. म्हणाले, इतकी वर्षं टाइप केलंत आणि आज विचारताय? मग खुर्ची ओढून बसलेच. मला चहासुद्धा सांगितला.”

“शब्दाचं सांगा,” वहिनी बसक्या आवाजात म्हणाली.

“सांगते की. समजा मी म्हटलं, ‘मी घर विकते.’ ही झाली बातमी. उद्या विकेन, विकायचा विचार आहे, विकायचाच माझा धंदा आहे, काहीही असू शकतं. पण ‘आय हिअरबाय सेल’ लिहिलं की ती बातमी राहत नाही. ते लिहिलं, त्यानेच घर विकलं गेलं. आपल्या सरकारी कागदात ‘याद्वारे’ असतं बघा, तेच ते. या बोलण्याने. ह्याच. दुसऱ्या कशानेही नाही.”

वहिनीने पदराने तोंड पुसलं. “म्हणजे काहीही म्हणावं आणि व्हावं? मी हिअरबाय भांडी घासते.”

“नाही चालत. भांडी घासावी लागतात.”

“मी हिअरबाय झोपते.”

“झोपून दाखवा. बोलून झोप लागत नाही.”

कोपऱ्यातून भोंग्याने हात वर केला. त्यालाही एक सुचलं होतं. तो फुसफुसला, “मी हिअरबाय गप्प बसतो.”

“ते बोलून होत नाही, दादा,” नणंद म्हणाली. “ते बोलायचं थांबवूनच होतं.”

भोंगा आवाजाशिवाय हसला. त्याचे खांदे तेवढे हलले.

“ज्या गोष्टी बोलण्यानेच होतात, त्यांच्यापुढेच तो बसतो,” नणंद म्हणाली. “नेमणूक करणं, राजीनामा देणं, जाहीर करणं, कबूल करणं, माफ करणं. आणि उगीच कुठेही घालायचा नाही. मी याद्वारे दोन कप चहा मागवते, असं हॉटेलात म्हटलं तर पोऱ्या पळून जाईल. साहेब म्हणाले, जिथे नंतर कोणी ‘मी तसं म्हटलंच नव्हतं’ म्हणायची भीती असते, तिथे हा शब्द ठोकतात. खुंटीसारखा.”

“बरं,” वहिनी म्हणाली. “मग वन्सं, मी तुम्हाला याद्वारे माफ करते.”

“कशाबद्दल?”

“माझ्या लग्नात माझ्या साडीला नावं ठेवलीत त्याबद्दल.”

“साडी होतीच तशी. पण हो, हे चालतं. म्हटलंत, झालं माफ.”

“साडी होतीच तशी म्हणता? मग मी माफी परत घेते.”

“आता नाही घेता येत. तीच तर गंमत आहे.”

वहिनी थांबली. हातातलं ताट तिने खाली ठेवलं.

“कोणीही म्हटलं तरी होतं?”

“छे. ऑफिसातला शिपाई मला म्हणाला, मी हिअरबाय तुमची बदली करतो, तर मी त्यालाच पाणी आणायला पाठवीन. ज्याच्याकडे ते काम दिलंय, त्याने म्हटलं तर होतं.”

“पिंप कोणाकडे दिलंय?”

“आज तरी तुमच्याकडे.”

“आणि त्या शब्दाच्या शेवटी ‘बरं का’ लावलं तर? मी हिअरबाय घर विकते, बरं का?”

नणंद इतकी हसली की चष्मा मांडीवर पडला. “मग समोरचा म्हणेल, बरं नाही...” असं म्हणता म्हणता तिचं हसू थांबलं. गुलाबाची गोष्ट घरात सगळ्यांना ठाऊक होती.

वहिनी नवऱ्याकडे वळली. “तीन वार म्हटल्यावर तुम्ही पुढे काय म्हणायचात?”

भोंग्याने विचार केला. डोकं हलवलं. काही नाही.

“कोणाकडे बघायचात?”

हा प्रश्न त्याला आजवर कोणी विचारला नव्हता. त्याने डोळे मिटले, हातात दांडका असल्यासारखी मूठ धरली, हवेत हाणली, आणि हाणता हाणताच त्याची मान डावीकडे वळली. तो स्वतःच चमकला. मग त्याने बोटाने दाखवलं: पुढच्या ढिगाकडे.

“आणि मला पोटातून ओरडायला लावलंत,” वहिनी म्हणाली. “त्या शेजारणीने सापाचं औषधसुद्धा आणून ठेवलं.”

पुढचे काही दिवस पाऊसपाण्याने माल थोडा आला, बगळा काही आला नाही. वहिनीचा घसा सुटला, पण पूर्ण नाही. आवाज घोगराच राहिला. ज्या सकाळी बगळा आला, त्या सकाळी शेडमध्ये पांढऱ्या लिलीचा एकच ढीग होता. टपोऱ्या कळ्या, देठ करकरीत. शहरातली हॉटेलं लिलीसाठी अडून बसली होती आणि माल कुठेच नव्हता. बगळ्याला हा ढीग हवाच होता. हवा होता तो आणखी एकीला, कोपऱ्यावरच्या फुलांच्या दुकानवालीला. दोघांनी बोटं वर करायला सुरुवात केली आणि बाकीच्यांनी आपापले हात खिशात घातले.

वहिनीने ढिगातली एक दांडी उचलली, देठ मोडून दाखवला. टचकन पाणी आलं. “आजची आहे,” ती म्हणाली. घोगऱ्या आवाजात, पण ऐकू गेलं, कारण ऐकायला लोक जवळ सरकले होते. भाव चढत गेला. दुकानवालीने शेवटी हात खाली घेऊन पदरात गुंडाळला. बगळ्याचं बोट वर होतं.

“एक वार.”

शेडबाहेर कुठेतरी गाडीचा आवाज.

“दोन वार.”

बगळ्याचं बोट वरच. चपलेवर पाणी उडालं म्हणून त्याने एक पाय तेवढा उचलला.

“तीन वार.”

दांडका पिंपावर पडला. आणि तिच्या घशात ‘बरं का’ आलं. अगदी दातांपर्यंत आलं. तिने ते कडू गोळीसारखं गिळलं, मान डावीकडे वळवली आणि पुढच्या ढिगाकडे पाहिलं. पुढचा ढीग निशिगंधाचा होता.

मामाने पांढरी चिंधी बांधली. या वेळी त्याला विचार करावा लागला नाही. दांडका वाजला, मागून काही आलं नाही, हात आपोआप गेला.

एवढ्यात फाटकातून ट्रक आत शिरला. ताडपत्री मागे सरकली आणि अख्ख्या शेडला वास आला. ट्रकभर लिली. कुठल्या तरी घाटात अडकलेली गाडी आत्ता पोचली होती.

बगळ्याने ट्रककडे पाहिलं, ढिगाकडे पाहिलं, आणि त्याचा चेहरा टोपीइतका पांढरा झाला.

“थांबा,” तो म्हणाला. “हा सौदा झालेला नाही.”

“चिंधी बांधलीय,” मामा म्हणाला.

“तू बांधलीस. मला कोणी विचारलं? वहिनी, तुम्ही विचारलंच नाहीत.”

“काय विचारायचं होतं?”

“बरं का, म्हणून. दर वेळी विचारता.”

“ते आज घरी ठेवून आले,” वहिनी म्हणाली.

शेडमध्ये हशा पिकला, पण लगेच विरला. सगळ्यांना कळत होतं की पिंपाचा फैसला आत्ता व्हायचाय. बगळा मुकादमाकडे गेला. “मुकादम, मी बोट खाली घेतलं होतं. कान खाजवायला वर गेलं होतं. सौदा मोडा.”

मुकादमाने मान खाजवली. बगळ्याकडे बघितलं, ट्रककडे बघितलं, आणि त्याला जे सोपं वाटलं ते केलं. “वहिनी,” तो गोड आवाजात म्हणाला, “तुमचं काय म्हणणं? द्यायचा का या वेळी सोडून? तुम्ही म्हणाल तसं.”

ही खरी मेख होती. सोडून दे म्हणणं किती सोपं होतं. बगळा खूश, मुकादम खूश, सकाळ गोड. आणि सौदा मोडलेलाच. वहिनीने दांडका पिंपावर आडवा ठेवला.

“मला विचारून काय होणार, मुकादम? मी बोलले तेव्हाच ते झालं. आता ते माझ्याही हातात राहिलं नाही. माझ्या हातात असतं तर मी बोलायची गरजच काय होती?”

मुकादमाचा हात मानेवरच राहिला.

बगळा सरळ ढिगाकडे गेला आणि चिंधीच्या गाठीला हात घातला. आजवर त्या बाजारात हे कोणी केलं नव्हतं. मामाने डोक्यावरचं मुंडासं काढून खांद्यावर टाकलं.

“सोडा,” तो शांतपणे म्हणाला. “सोडा तुम्ही. उद्यापासून तुम्ही घेतलेल्या ढिगांच्या चिंध्या मी सोडीन.”

“परवा मी,” दुकानवाली म्हणाली. “तुमचा सौदा मोडला तर माझा कोणता टिकणार आहे? पंचवीस दुकानांची फुलं तुम्ही या एका दांडक्याच्या जिवावर नेता, शेठ. गाठ सुटली की तुमचंच पोतं आधी सांडेल.”

मागून कोणीतरी म्हणालं, “गाठ सोडा हो शेठ, आम्ही मोकळेच आहोत.” आणखी कोणीतरी घसा खाकरला. बगळ्याने सगळीकडे पाहिलं. शेडभर चिंध्या होत्या, लाल, निळ्या, पिवळ्या, आणि जास्त करून पांढऱ्या. त्याने गाठीवरचा हात काढला. काढला तो काढलाच, पण गाठ सैल झाली होती ती त्याने दोन बोटांनी पुन्हा आवळली. मग हमालांना खूण केली, उचला.

आणि शेड फुटली. पोत्यांवर बसलेले शेतकरी रिकाम्या बादल्या बडवायला लागले. निवडणाऱ्या बायकांनी मूठ मूठ पाकळ्या उडवल्या, ज्या पुढे झाडून त्यांनाच काढाव्या लागल्या. चहाच्या टपरीवर भोंगा बसला होता. त्याला ओरडता येत नव्हतं, म्हणून तो स्टीलचा ग्लास टेबलावर आपटत राहिला, आपटत राहिला, टपरीवाल्याने हातातून काढून घेईपर्यंत. बगळ्याच्या भाच्याचा चेहरा मात्र सगळ्यांत जास्त खुलला होता. पहाटे उठायचं त्याच्या जिवावर आलं होतं आणि बगळ्यापुढे ते बोलायची सोय नव्हती.

गुलाबाचा तो शेतकरीही गर्दीत होता. तो वहिनीजवळ आला. “माझा माल उद्या येतोय,” एवढंच म्हणाला.

मुकादमाने सगळ्यांचे चेहरे बघितले. सगळेच खूश आहेत असं दिसल्यावर त्याला बोलायला जोर आला. “वहिनी, पिंप तुमचं.”

“बोललात?”

“बोललो की.”

“सगळ्यांसमोर?”

“हो हो, सगळ्यांसमोर.”

“मग आता परत घेता येणार नाही,” वहिनी म्हणाली. “नंतर मान खाजवू नका.”

तेवढ्यात नणंद ऑफिसला जाता जाता, साडीचा काठ वर धरून, ओल्या फरशीवरून तिथे पोचली. तिच्या हातात प्लास्टिकच्या पिशवीत अर्ज होता, कडक, पांढरा, एकही खाडाखोड नसलेला.

“अर्ज आणलाय.”

“पिंप मिळालं, वन्सं. आता कशाला?”

“कशाला म्हणजे? मी तीन वेळा टाइप केलाय. समास बघा केवढा सरळ आलाय.”

“त्यात तो आहे ना?”

“आहे. काढता येत नाही म्हटलं ना तुम्हाला.”

“मग द्या मुकादमांना. असू दे.”

मुकादमाने अर्ज हातात घेतला, उलटा धरला, सुलटा केला, आणि फार महत्त्वाचं काही वाचल्यासारखी मान हलवली. नणंद घड्याळ बघून पळाली.

ट्रकमधली लिली उतरू लागली होती. भाव पडणार होता, हे सगळ्यांना दिसत होतं, आणि ट्रकवाला शेतकरी कपाळाला हात लावून पायरीवर बसला होता. वहिनीने एक दांडी उचलली, देठ चिमटीत धरला. वाटेत अडकलेला माल, पण देठ अजून कडक होता. भाव पडला तरी तळाला जाऊ द्यायचा नाही, एवढं तिच्या हातात होतं.

तिने दांडका उचलला. शेड आपोआप गप्प झाली.

“लिली,” ती म्हणाली. “कालची खुडलेली आहे, आजची म्हणून विकणार नाही. पण कळी बघा. बोला.”

दुकानवालीचं बोट वर गेलं. मग आणखी एक. मग आणखी. बगळ्याने पाय उचलून एक पाऊल पुढे टाकलं आणि तोही बोट वर करून उभा राहिला.

“एक वार,” वहिनी म्हणाली.